मिलनर यांचा पैसा घेतलात, आता त्यांचे वेडही घ्या

भारतातील नवउद्योगांच्या संस्थापकांना खुले पत्र

सप्रेम नमस्कार.

युरी मिलनर हे नाव तुम्हाला सांगायला नको. मे २०१४ मध्ये फ्लिपकार्टने २१ कोटी डॉलर उभे केले, तेव्हा पुढाकार त्यांच्या डीएसटी ग्लोबल या गुंतवणूक संस्थेचा होता. पुढच्याच वर्षी ओलामध्ये आणि २०१८ मध्ये स्विगीमध्ये याच संस्थेचा पैसा आला. तुमच्यातले जे थेट त्यांच्या पैशावर वाढले नाहीत, त्यांच्यातल्या अनेकांनीही त्यांनी रूढ केलेल्या पद्धतीचाच पैसा घेतला आहे: रक्कम मोठी, मूल्यांकन चढे आणि संस्थापकाच्या कामात ढवळाढवळ नाही. आज तुमच्यापैकी बरेच जण चाळिशीच्या आसपास आहात आणि पुढच्या सात पिढ्यांची सोय करून बसला आहात. म्हणून हे पत्र तुम्हाला लिहितो आहे.

मी मराठवाड्यातल्या एका महाविद्यालयात भौतिकशास्त्र शिकवतो. माझ्या वर्गात मिलनर यांचे नाव निघते ते फ्लिपकार्टमुळे नव्हे. जुलै २०१२ मध्ये या माणसाने नऊ सैद्धांतिक भौतिकशास्त्रज्ञांना प्रत्येकी ३० लाख डॉलर दिले. त्या वर्षीच्या नोबेलच्या रकमेच्या दुपटीहून ते जास्त होते, आणि नोबेल तर तिघांत वाटूनही जाते. एमआयटीचे ॲलन गुथ यांच्या खात्यात तेव्हा २०० डॉलर होते. ते एकदम ३० लाखांवर गेले आणि बँकेने हस्तांतरणाचे १२ डॉलर शुल्क कापले, असे त्यांनी पत्रकारांना सांगितले. त्या नऊ जणांत एक आपले होते, अलाहाबादच्या हरीश-चंद्र संशोधन संस्थेतले अशोक सेन. स्ट्रिंग सिद्धान्तावर गाजावाजा न करता आयुष्यभर काम करणारा हा शास्त्रज्ञ तेव्हा आपल्या वर्तमानपत्रांत झळकला. मुलांना हे सांगितले की मागच्या बाकावरचेही मान वर करतात. आकडेमोड करून इतके मिळू शकते, ही कल्पनाच त्यांना नवी असते.

हे पैसे देणारा माणूस कुठून आला, ते जरा सविस्तर सांगतो, कारण तुमच्यासाठी त्यात खूप काही आहे.

मिलनर यांचा जन्म ११ नोव्हेंबर १९६१ चा, मॉस्कोतला, ज्यू घरातला. त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये युरी गागारिन अंतराळात जाऊन आले होते. आईवडिलांनी मुलाला त्यांचेच नाव दिले. आई विषाणूंच्या प्रयोगशाळेत कामाला. वडील अर्थतज्ज्ञ, आणि सोव्हिएत विज्ञान अकादमीत बसून अमेरिकन कंपन्यांचे व्यवस्थापन कसे चालते याचा अभ्यास करणारे. मुलाने मॉस्को विद्यापीठात सैद्धांतिक भौतिकशास्त्र घेतले, १९८५ मध्ये पदवी मिळवली आणि लेबेदेव भौतिकशास्त्र संस्थेत मूलकणांवर संशोधन सुरू केले. ही संस्था साधी नव्हे. पुढे २००३ चे नोबेल मिळवणारे व्हिताली गिन्झबर्ग तिथे होते. सोव्हिएत सरकारवर टीका करणारे भौतिकशास्त्रज्ञ आंद्रेई सखारोव गोर्की शहरातल्या नजरकैदेतून डिसेंबर १९८६ मध्ये सुटले आणि परतले तेही तिथेच. अशा माणसांच्या सहवासात राहून मिलनर यांना एक गोष्ट उमगली: आपण या तोडीचे भौतिकशास्त्रज्ञ होणार नाही. त्यांनी पीएचडी अर्धवट सोडली.

सोव्हिएत राज्याच्या अखेरच्या वर्षांत त्यांनी चोरट्या बाजारात संगणक विकले. १९९० मध्ये अमेरिकेतल्या व्हार्टन या व्यवस्थापन विद्यालयात एमबीएसाठी गेले. देश कायमचा न सोडता सोव्हिएत संघातून तिथे शिकायला आलेले ते पहिलेच. देश मोडला तेव्हा ते अमेरिकेत होते. मग काही काळ वॉशिंग्टनला जागतिक बँकेत, त्यानंतर पुन्हा मॉस्कोत उद्योगपती खोदोरकोव्स्की यांच्या मेनातेप समूहात. १९९९ मध्ये अमेरिकेतल्या इंटरनेट कंपन्यांवरचा एक अहवाल त्यांच्या वाचनात आला आणि त्यांनी रशियात तेच करायचे ठरवले. त्यातून मेल डॉट आरयू ही इंटरनेट कंपनी उभी राहिली.

यानंतरची कथा तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त पाठ असेल. मे २००९, जग मंदीत रुतलेले, आणि मिलनर फेसबुकचा १.९६ टक्के हिस्सा २० कोटी डॉलरला घेतात. त्या हिशेबाने कंपनीची किंमत होते १० अब्ज डॉलर. रशियातून आलेल्या या माणसाला भाव कळत नाही, असे अनेकांनी तेव्हा म्हटले. संचालक मंडळावर जागा त्यांनी मागितली नाही. तीन वर्षांनी, मे २०१२ मध्ये, फेसबुक शेअर बाजारात आली ती १०० अब्ज डॉलरच्याही पुढे. ते पहिले नऊ भौतिकशास्त्रज्ञ निवडले गेले त्यानंतर दोनच महिन्यांनी.

मला या माणसाचे कौतुक याच जागी वाटते. पैसा हाती येताच तो आपण अर्धवट सोडलेल्या विषयाकडे वळला. पहिल्या नऊ जणांतले तीन, लिंडे, कोंट्सेविच आणि किताएव, सोव्हिएत संघात जन्मलेले होते आणि तिघांचेही काम तोवर परदेशात स्थिरावले होते. नव्वदच्या दशकात रशियातल्या संशोधन संस्थांत पगार महिनोन्महिने थकले आणि एक अख्खी पिढी देशाबाहेर गेली. मिलनर यांनी ते सारे पाहिले आहे. कर्तबगार माणसे गमावलेला देश कसा दिसतो हे ठाऊक असलेल्या माणसाचे हे दान आहे.

आज ‘ब्रेकथ्रू’ नावाने ओळखले जाणारे हे पुरस्कार देताना त्यांनी गुंतवणुकीतली सवय सोडली नाही. पैशाला अट नाही, काय करायचे ते विजेत्याने ठरवायचे. नावे सुचवण्याची मुभा कुणालाही. पुढचे विजेते आधीच्या विजेत्यांनी निवडायचे, देणाऱ्याने नव्हे. प्रयोगाने सिद्ध होण्याची वाट पाहत बसायचे नाही. मग जीवशास्त्र आले, गणित आले, आणि गूगलचे ब्रिन, फेसबुकचे झुकरबर्ग, उद्योजिका ॲन वोजिचकी असे दातेही सोबत आले. २०१२ मध्येच युरी आणि ज्युलिया मिलनर या दाम्पत्याने निम्म्याहून अधिक संपत्ती देऊन टाकण्याची जाहीर प्रतिज्ञा केली. जुलै २०१५ मध्ये लंडनच्या रॉयल सोसायटीत स्टीफन हॉकिंग यांना सोबत घेऊन त्यांनी १० वर्षांसाठी १० कोटी डॉलरचा प्रकल्प जाहीर केला: परग्रहांवरच्या बुद्धिमान जीवांच्या खुणा रेडिओ दुर्बिणींनी शोधायच्या. असले काम कुठले सरकार सहजासहजी करू देणार? अजून तसे कुणी सापडलेले नाही. मात्र ऑगस्ट २०१७ मध्ये अमेरिकेतल्या ग्रीन बँक दुर्बिणीवर याच प्रकल्पाच्या गटाने अतिदूरच्या एका दीर्घिकेतून आलेले २१ तीव्र रेडिओस्फोट टिपले. ते निरीक्षण करणारे विशाल गज्जर पीएचडीला आपल्या पुण्याच्या राष्ट्रीय रेडिओ खगोलभौतिकी केंद्रात होते.

महाराष्ट्राशी याहून जवळचा धागा आहे. गुरुत्वीय लहरींच्या शोधाला मे २०१६ मध्ये मिलनर यांच्या पुरस्कार प्रतिष्ठानाने ३० लाख डॉलरचा विशेष पुरस्कार दिला. त्यातले १० लाख तिघा प्रणेत्यांना आणि उरलेले २० लाख १,०१२ सहभागींना समसमान, म्हणजे प्रत्येकी सुमारे २ हजार डॉलर. नोबेल पुढच्या वर्षी तिघांनाच मिळाले, त्यांच्या नियमात तेवढेच बसते. इथे शोधनिबंधावर नाव असलेल्या पीएचडीच्या विद्यार्थ्यालाही तेवढाच वाटा मिळाला जेवढा त्याच्या मार्गदर्शकाला. त्या निबंधावर पुण्याच्या आयुका या खगोलविज्ञान संस्थेतली माणसे होती, गांधीनगर, चेन्नई, बंगळूर, इंदूर इथल्या संस्थांतली होती. त्याच लहरी टिपणारी लायगो-इंडिया ही वेधशाळा आता आमच्या हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ होते आहे. केंद्र सरकारने एप्रिल २०२३ मध्ये तिला २,६०० कोटी रुपये मंजूर केले. माझ्या वर्गातली मुले त्या वाटेने एसटीने येतात-जातात.

आता त्याच मुलांच्या प्रयोगशाळेत या. वर्णपटमापीवर, म्हणजे प्रकाशाचे रंग वेगळे करून त्यांचे कोन मोजणाऱ्या उपकरणावर, काम करायला सोडियमचा दिवा लागतो. आमच्याकडे तो चालू स्थितीत एकच आहे. तो तापून पिवळा व्हायला काही मिनिटे घेतो, आणि वीज गेली की पुन्हा पहिल्यापासून. त्याच्याभोवती चार टेबले चार बाजूंनी लावून चार गट एकाच वेळी वाचने घेतात. कोन मोजायच्या व्हर्निअर पट्टीच्या रेघा पुसट झाल्या आहेत, म्हणून मुली मोबाइलच्या उजेडात भिंग धरून कोन वाचतात आणि तरीही उत्तर बरोबर काढतात. नवा दिवा काही लाखांचा नसतो. तो आणण्यासाठी जे कागद फिरावे लागतात, ते फिरतात तोवर दोन तुकड्या पदवी घेऊन बाहेर पडतात.

याच प्रयोगशाळेतून गेलेली माझी एक विद्यार्थिनी पुढे राष्ट्रीय परीक्षा उत्तीर्ण होऊन एका नामवंत संस्थेत संशोधनाला लागली. तिची शिष्यवृत्ती कागदावर महिना ३७ हजार रुपये. ती वेळेवर कधीच आली नाही. खोलीचे भाडे थकले, तेव्हा तिने संध्याकाळी नववी-दहावीच्या शिकवण्या धरल्या. घरी मागायची सोय नव्हती, कारण घरी वाटत होते की पोरगी आता कमावती झाली. देशभरातले संशोधक विद्यार्थी याच कारणासाठी वारंवार रस्त्यावर येतात, हे तुम्ही वाचले असेल.

म्हणून मिलनर यांच्याकडे बघताना मला एक उणीवही खुपते, आणि ती तुमच्यासमोर स्पष्ट मांडली पाहिजे. त्यांचा मुख्य पुरस्कार जातो तो शिखरावर पोहोचलेल्यांना. त्यातले अनेक जण आधीच मोठ्या विद्यापीठांत सुस्थितीत असतात. पायथ्याशी जो अडकला आहे, त्याच्यापर्यंत ते पैसे क्वचित येतात. त्यांच्या प्रतिष्ठानाचे मला सर्वांत आवडलेले काम वेगळेच आहे: शाळकरी मुलांसाठीची स्पर्धा. विज्ञानातली एखादी अवघड कल्पना मुलांनी छोट्या चित्रफितीत समजावून सांगायची. जिंकणाऱ्याला अडीच लाख डॉलरची शिष्यवृत्ती, त्याला शिकवणाऱ्या शिक्षकाला ५० हजार डॉलर आणि शाळेला १ लाख डॉलरची प्रयोगशाळा. २०१८ मध्ये ही स्पर्धा बंगळूरच्या एका सोळा वर्षांच्या मुलाने जिंकली. मूल, शिक्षक आणि शाळा या तिघांना एकत्र मोजणारा दुसरा पुरस्कार मला माहीत नाही. एप्रिल २०२५ मध्ये भौतिकशास्त्राचा पुरस्कार जिनिव्हाजवळच्या सर्न या कणभौतिकी प्रयोगशाळेतल्या चार महाप्रयोगांच्या १३ हजारांहून अधिक संशोधकांना मिळाला, आणि ती सगळी रक्कम पीएचडीच्या विद्यार्थ्यांना सर्नमध्ये येऊन काम करता यावे यासाठी ठेवली गेली. आपली मुंबईची टाटा मूलभूत संशोधन संस्था त्या प्रयोगांपैकी एकात आहे. मिलनर यांच्या एवढ्या वर्षांच्या देण्यातून तुम्ही काही उचलणार असाल, तर हे दोन दाखले उचला.

सोव्हिएत काळातच जन्मलेल्या आणखी एका धनिकाचे नाव इथे घेतल्यावाचून राहवत नाही. दिमित्री झिमिन, जन्म मॉस्को, १९३३. वडील १९३५ मध्ये छळछावणीत मेले. मुलगा मोठा होऊन क्षेपणास्त्रविरोधी रडारांचा अभियंता झाला आणि तीस वर्षे तेच काम केले. साठी जवळ आली असताना, १९९२ मध्ये, त्यांनी मोबाइल सेवेची कंपनी काढली. चार वर्षांत ती न्यूयॉर्कच्या शेअर बाजारात नोंदली गेली. १९०३ नंतर तिथे पोहोचलेली ती पहिली रशियन कंपनी. २००१ मध्ये झिमिन बाजूला झाले आणि संपत्तीचा मोठा भाग ‘दिनास्तिया’ या विज्ञाननिधीत घातला. तरुण भौतिकशास्त्रज्ञांना आणि गणितींना शिष्यवृत्त्या, सोप्या विज्ञानाच्या पुस्तकांना छपाईचा खर्च, व्याख्याने. शाळेतल्या विज्ञानशिक्षकांचे पुरस्कार ते कसे ठरवत, बघा: विद्यापीठात पोहोचलेल्या मुलांनाच विचारायचे की तुला घडवले कोणी? मुले दूरदूरच्या शाळांतल्या मास्तरांची आणि बाईंची नावे कळवीत.

मे २०१५ मध्ये रशियाच्या न्याय मंत्रालयाने या निधीवर परदेशी हस्तक असा शिक्का मारला. झिमिन यांचा स्वतःचाच पैसा परदेशी खात्यांत होता, एवढे निमित्त पुरले. त्याच वर्षी फेब्रुवारीत त्याच सरकारच्या शिक्षण मंत्रालयाने त्यांना विज्ञाननिष्ठेबद्दल गौरवले होते. स्वतःचा पैसा अशा परक्या शिक्क्याखाली खर्च करणार नाही, असे सांगून ब्याऐंशी वर्षांच्या झिमिन यांनी निधी बंद केला. डिसेंबर २०२१ मध्ये ते गेले. रशियातल्या हजारो शिक्षकांचे आणि तरुणांचे त्यात जे गेले, ते कुणी भरून दिलेले नाही. मिलनर यांच्या दानाची जगभर बातमी होते, झिमिन यांची आठवण शाळामास्तर काढतात. माझे मत विचाराल तर मला झिमिन जास्त जवळचे वाटतात.

पैसा कुठून आला, हाही प्रश्न दानाबरोबर येतोच. मिलनर यांच्या सुरुवातीच्या गुंतवणुकीत रशियन अब्जाधीश अलिशेर उस्मानोव यांचा मोठा पैसा होता, आणि याच उस्मानोव यांच्यावर २०२२ मध्ये युरोप-अमेरिकेने निर्बंध घातले. २०११ मध्ये ट्विटरमध्ये गेलेल्या रकमेतले १९ कोटी १० लाख डॉलर रशियाच्या सरकारी मालकीच्या व्हीटीबी बँकेचे होते, हे २०१७ मध्ये कागदपत्रे फुटली तेव्हा जगाला कळले. हा निव्वळ व्यावसायिक व्यवहार होता, असे मिलनर यांनी उत्तर दिले. युक्रेनवरच्या हल्ल्यानंतर त्यांनी निर्वासितांसाठी मदत दिली आणि २०२२ मध्ये रशियाचे नागरिकत्व सोडले. इस्रायलचे नागरिकत्व त्यांच्याकडे १९९९ पासूनच होते. मला वाटते, हे सारे आधीच आपणहून सांगितले असते तर त्यांच्या दानाचे मोल वाढले असते. तुमच्या बाबतीत हा प्रश्न वेगळ्या रूपात येईल. भर पावसात दुचाकीवरून जेवण पोहोचवणाऱ्या, दिवसभर गाडी चालवणाऱ्या, गोदामात उभ्याने काम करणाऱ्या माणसांनी तुमची संपत्ती वाढवली आहे. आधी त्यांचा रास्त मोबदला आणि विमा, मग दान. त्यांच्या तोंडचे काढून विज्ञानाला दिलेले आम्हाला नको आहे.

आपल्याकडे खासगी पैशातून मूलभूत विज्ञान उभे राहिलेच नाही असे नाही. १२ मार्च १९४४ ला होमी भाभा यांनी सर दोराबजी टाटा न्यासाला एक पत्र लिहिले. अणुऊर्जेची वीज व्हायला दोनेक दशके लागतील, तेव्हा तज्ज्ञ बाहेरून आणावे लागू नयेत म्हणून आत्ताच संस्था काढा, असा त्याचा आशय. न्यासाने ऐकले. १९४५ मध्ये संस्था सुरू झाली आणि पेडर रोडवरच्या केनिलवर्थ बंगल्यातल्या खोल्यांतून तिचे काम चालले. भाभांनी पत्र लिहिले तेव्हा अणुबॉम्बही जगाला माहीत नव्हता. आज देश राष्ट्रीय उत्पन्नाच्या ०.६४ टक्के एवढाच संशोधनावर खर्च करतो. २०२३ च्या कायद्याने झालेल्या राष्ट्रीय संशोधन प्रतिष्ठानासाठी पाच वर्षांत ५० हजार कोटींचा अंदाज धरला गेला, त्यातले ३६ हजार कोटी सरकारबाहेरून, म्हणजे मुख्यतः तुमच्यासारख्यांकडून यायचे आहेत. ते आपोआप येणार नाहीत.

मला तुमच्याकडून भव्य पुरस्कार सोहळा नको आहे. एक निधी काढा. ज्या संशोधक विद्यार्थ्याची शिष्यवृत्ती मंजूर आहे पण रखडली आहे, त्याला त्या महिन्याची रक्कम पाच तारखेच्या आत तुमच्या निधीतून मिळावी. सरकारी पैसे आले की त्याने ती बिनव्याजी परत करावी. ३७ हजारांच्या हिशेबाने हजार विद्यार्थ्यांचे सहा महिने धरले तरी २२ कोटी २० लाख रुपये होतात, आणि त्यातले बहुतेक फिरून परत येतात. मिनिटांत सामान घरी पोहोचवणारी यंत्रणा तुम्ही उभारली आहे. महिन्याची शिष्यवृत्ती तारखेला पोहोचवणे तुम्हाला जड नाही. त्याच निधीचा एक हिस्सा तालुक्याच्या महाविद्यालयांच्या प्रयोगशाळांसाठी ठेवा: दिवे, भिंगे, मोजमापाची साधने, दुरुस्तीचा माणूस. तिथल्या शिक्षकाच्या एका साध्या अर्जावर पंधरा दिवसांत निर्णय व्हावा. आणि शिक्षकांचा गौरव करायचा झाला तर झिमिन यांच्यासारखा मुलांना विचारून करा.

सुरुवात पहिल्या वर्षी कोणत्या संस्थांपासून करायची, हे शास्त्रज्ञांच्या समितीला ठरवू द्या. तुमच्यापैकी कुणी त्या समितीवर बसू नये, एवढीच अट स्वतःला घालून घ्या.

कळावे,

आपला,
मराठवाड्यातील भौतिकशास्त्राचा एक शिक्षक